प्रकरण चौदावे : अर्लीनची टेप

मदर्स डेच्या जेवणाला अर्लीन बॅटल न बोलावता आली, तेव्हा अलोन्झो टॉलिव्हर हॅम कापत होता. त्याला आनंदच झाला. एकोणीस वर्षं ही बाई त्याची गाणी गात होती, तिला या घरात निमंत्रण कसलं द्यायचं? त्याने सुरी खाली ठेवली आणि शेजारची खुर्ची ओढली. पण अर्लीन बसली नाही. चर्चची पांढरी हॅटही तिने काढली नाही. पर्समधून एक कॅसेट काढून तिने ती हॅमच्या ताटाशेजारी ठेवली.

"लॉन्झो, हे काय केलंस तू माझ्या आवाजाचं?"

टेबलाभोवती तिघं होती. अलोन्झोची बायको व्हर्नेल, आई वारलेली म्हणून कोटावर पांढरं फूल लावलेली. मुलगी रेनेटा, तिचं फूल लाल. मैत्रिणीच्या लग्नासाठी चार दिवस मेरिडियनला जाऊन ती आदल्याच संध्याकाळी परतली होती. आणि अलोन्झोचा धाकटा भाऊ लुशस, जो तीस वर्षं त्याच्यामागे उभा राहून बेस गिटार वाजवत आला होता. लुशसने मान खाली घालून मोहरीच्या पाल्याची भाजी खायला घेतली. एरवी तो त्या भाजीला शिवत नसे.

अलोन्झो हसला. तुझ्या गाडीचे स्पीकर गेले असतील, तो म्हणाला. अर्लीन म्हणाली की गाडी तीच, स्पीकर तेच, मागच्या साती रेकॉर्ड तिने त्याच गाडीत ऐकल्या होत्या. आज चर्चला जाताना ही कॅसेट लावली तर पहिल्या कडव्याला तिने काच खाली केली आणि दुसऱ्याला टेप बंद केली.

"पत्र्यावर खिळा ओढावा तशी ऐकू येते मी. मी अठ्ठेचाळीस वर्षांची बाई आहे, खिळा नाही. आणि परवा मंगळवारी ही रेकॉर्ड छापायला जायचीय."

अलोन्झोच्या कानाबद्दल असं बोलायची आजवर कुणाची छाती झाली नव्हती. जॅक्सनमध्येच काय, मेम्फिसपासून मोबीलपर्यंत जिथे जिथे काळ्या लोकांची गाणी रेडिओवर वाजत, तिथे त्या कानाच्या गोष्टी सांगितल्या जात. यॅझू सिटीच्या चर्चमध्ये त्याची आई हॅटी पियानो वाजवायची. तिचा हात भाजला त्या रविवारी अकरा वर्षांचा अलोन्झो तिच्या जागी बसला आणि एकाही भजनात अडखळला नाही. लढाईवरून परत आल्यावर त्याने फॅरिश स्ट्रीटवरच्या क्लबांत दुसऱ्यांची गाणी वाजवली, ती वाजवून वाजवून विटला आणि मग स्वतःची लिहायला लागला. 'बुधवारी परत ये' त्याने बसच्या तिकिटाच्या पाठीवर लिहिलं. ते देशभर गाजलं, तेव्हा त्याने बंद पडलेला बर्फाचा कारखाना घेतला. याच कारखान्यात त्याच्या बापाने, एमॉसने, पंधरा वर्षं पाठीवरून बर्फाच्या लाद्या वाहिल्या होत्या. भिंतींत थंडी राखायला हातभर जाडीचं बूच भरलेलं होतं. शेजारून मालगाडी गेली तरी आत पत्ता लागत नसे. तिथे अलोन्झोने माईक टांगले, मधोमध मोठी काच बसवली आणि काचेमागच्या खुर्चीत तो स्वतः बसला. कोणता माईक किती उघडायचा, ड्रम किती मागे ठेवायचे, बाई कुठे थकलीय आणि कुठे थकल्याचं सोंग करतेय, हे सगळं त्या खुर्चीतून ठरायचं. बावीस वर्षं तिथे दुसरं कुणी बसलेलं नव्हतं.

मागच्या ऑक्टोबरात राज्यभरच्या संगीतकारांनी त्याचा सत्कार केला, तेव्हा टक्सिडो घालून, उजव्या कानाला बोट लावून तो म्हणाला होता, "मी शाळा शिकलो नाही. मला एवढंच मिळालंय." लोक उठून उभे राहिले होते.

म्हणून आता त्याने गळ्यातला रुमाल काढला, हॅमवर झाकण घातलं आणि म्हणाला, चला, सगळे चला, कारखान्यात जाऊ, खरी टेप लावू आणि मग जेवू. व्हर्नेल म्हणाली, उद्या बघू, लॉन्झो, जेवण गार होतंय. रेनेटा म्हणाली, उद्या सकाळी मी बघते, डॅडी. दोघींनी हे इतक्या घाईने म्हटलं की अलोन्झोला नवल वाटलं. तो म्हणाला, "तू काय बघणार? टेप माझी आहे."

कारखाना रस्त्याच्या पलीकडेच होता. पाचही जण चर्चच्या कपड्यांत, बायका उंच टाचांचे बूट सावरत, दुपारच्या उन्हात रस्ता ओलांडून गेले. शेजारच्या ओट्यावरून कुणीतरी हॅपी मदर्स डे म्हणून हात केला आणि व्हर्नेलने मागे न बघताच हात हलवला.

अलोन्झोने टेप चढवली आणि आपल्या खुर्चीत बसला. गाणं होतं 'एकीपुरतं जेवण'. नवरा सोडून गेलेली बाई महिनाभर दोघांचा स्वयंपाक करते आणि एका संध्याकाळी एकटीपुरता करते, एवढीच गोष्ट. शेवटच्या दोन ओळी होत्या: मी एकीपुरतं जेवण रांधलं / आणि पोट भरलं. हे आपलं दहा वर्षांतलं सगळ्यांत चांगलं गाणं आहे असं अलोन्झोचं मत होतं आणि आता ऐकताना ते अजून पक्कं झालं. ड्रम नेटके, ऑर्गन मागे, अर्लीन पुढ्यात उभी असल्यासारखी. तो वळला आणि म्हणाला, "यात वाईट काय आहे ते मला दाखवा."

अर्लीनने दातांच्या डॉक्टरकडे मिटावेत तसे डोळे मिटले होते. व्हर्नेलचा हात गळ्यातल्या मोत्यांवर होता. रेनेटा जमिनीकडे बघत होती. लुशस मात्र सरळ त्याच्याकडेच बघत होता.

"स्पीकर बिघडलेत," अलोन्झो म्हणाला.

"स्पीकर ठीक आहेत, डॅडी."

"मग कुणाचा तरी कान बिघडलाय. तो सूर लाव."

यंत्रं जुळवायला एक सलग सूर सोडतात, बटण फिरवलं की तो खालून वर चढत जातो. अलोन्झो म्हणाला, सगळ्यांनी हात वर करायचा, सूर थांबला की खाली घ्यायचा. बघू या इथे कुणाला ऐकू येत नाही ते. हे म्हणताना तो मजेत होता. अर्लीनला तो म्हणालासुद्धा, "तू हॅट काढ आधी, त्या हॅटने कान झाकलेत तुझे."

रेनेटा म्हणाली, डॅडी, हे नको. तो म्हणाला, फिरव.

सूर निघाला, जहाजाच्या भोंग्यासारखा जाड. मग चढत गेला, माणसाच्या आवाजातून, फिडलमधून, किटलीच्या शिट्टीतून. पाच हात वर होते. शिट्टी बारीक झाली, सुईएवढी झाली आणि थांबली. अलोन्झोने हात खाली घेतला.

"बंद का केलास?"

चार हात तसेच वर होते. रेनेटाचा दुसरा हात बटणावर होता आणि बटण फिरत होतं. अर्लीनचं कपाळ आक्रसलं होतं. खोलीत काहीतरी चाललं होतं, ते चौघांना कळत होतं आणि त्याला नाही. थोड्या वेळाने लुशसने हात उतरवला आणि मान खाजवल्याचं सोंग केलं. तोही इतकी वर्षं मोठ्या आवाजाच्या पेट्यांशेजारीच उभा राहिलेला. मग अर्लीनचा, मग व्हर्नेलचा हात खाली आला. शेवटी, बऱ्याच वेळाने, रेनेटाचा.

अलोन्झो तसा मंद माणूस नव्हता. जे ऐकू येत नाही ते माणूस वाढवत जातो, हे त्याने स्वतःच कितीतरी जणांना शिकवलं होतं. वरचे सूर त्याच्यापर्यंत पोहोचत नव्हते म्हणून तो ते वाढवत होता आणि वाढवलेले सूर दुसऱ्यांच्या कानात सुयांसारखे घुसत होते. हे त्याला तिथल्या तिथे कळलं. दुसरी गोष्ट कळायला एक क्षण जास्त लागला.

"मग मागच्या सात रेकॉर्ड?" त्याने विचारलं.

रेनेटा म्हणाली, "तुमचं काम झालं की दुसऱ्या दिवशी सकाळी, तुम्ही यायच्या आधी, मी बसायचे. वरचं तेवढं उतरवायचे. बाकी कशाला हात लावायचे नाही."

"किती दिवस?"

"दोन वर्षं."

"माझ्या खुर्चीत?"

"उभ्याने, डॅडी."

अलोन्झो बायकोकडे वळला. व्हर्नेलने नजर चुकवली नाही. "किल्ली मीच दिली तिला," ती म्हणाली. "त्या उन्हाळ्यात ओट्यावर बसून तू म्हणालास, यंदा रातकिडे नाहीत. रातकिडे होते, लॉन्झो. इतके होते की मला झोप लागत नव्हती."

आणि सत्कार? दोन वर्षांतल्या ज्या रेकॉर्डांसाठी लोक उभे राहिले होते, त्या सगळ्या यातल्याच. पहिल्या रांगेत बसून या दोघी टाळ्या वाजवत होत्या आणि तो कानाला बोट लावून उभा होता. त्या आठवणीने त्याचे कान तापले.

मग या वेळची टेप तशीच कशी गेली, असं व्हर्नेलने विचारलं. रेनेटा मेरिडियनला असताना कुणी नेली? लुशस म्हणाला, मी नेली. गुरुवारी कॉपी केली आणि अर्लीनच्या हातात दिली. चुकून नाही, मुद्दाम.

व्हर्नेल त्याच्यावर अशी उलटली की अर्लीनसुद्धा एक पाऊल मागे सरकली. त्याच्या ताटात आजवर पडलेलं सगळं अन्न तिने मोजून दाखवलं. भावाला गाणाऱ्या बाईच्या तोंडून ऐकवलंस, रविवारी, माझ्या टेबलावर, असं ती म्हणाली. लुशस म्हणाला, मग कोण सांगणार होतं? तुम्ही दोघी त्याला मरेपर्यंत हॅम वाढत राहिला असता.

"आणि अटलांटाचा तो माणूस?" रेनेटाने शांतपणे विचारलं. "तेही सांगा ना, लुशस अंकल."

मग तेही बाहेर आलं. अटलांटाहून एक नवा निर्माता कारखाना बघून गेला होता, अलोन्झो ब्लड प्रेशर तपासायला गेला होता त्या दिवशी. ड्रम वाजवणारं यंत्र घेऊन तो इथे यायला तयार होता. अलोन्झोने गाणी लिहावीत आणि आराम करावा, अशी ती योजना. लुशस म्हणाला, यात वाईट काही नाही. जमाना बदललाय आणि या घरात ते बोलायची सोय नाही.

अलोन्झो उठला. काचेपलीकडच्या मोठ्या खोलीत गेला आणि मागे दार लावून घेतलं. त्या खोलीच्या भिंती बाहेरचं काही आत येऊ देत नसत. काचेतून त्याला चौघांची तोंडं हलताना दिसत होती आणि शब्द ऐकू येत नव्हते, पण ते तर चांगल्या कानाच्या माणसालाही आले नसते.

इथेच, लाद्या रचायच्या त्या जागी, त्याच्या बापाची पाठ कामातून गेली होती. एमॉसने कुणाला सांगितलं नाही. सोबतचे हमाल त्याच्या वाट्याच्या लाद्या गुपचूप उचलत राहिले. ते कळलं त्या दिवशी एमॉस घरी आला आणि ओट्यावर बसला, आणि पुढची तीन वर्षं त्या माणसांशी एक शब्द बोलला नाही. ते रस्त्याने जाताना टोपी उचलायचे, आणि बाप समोरच्या झाडाकडे बघायचा. लहानग्या अलोन्झोला तेव्हा वाटायचं, बापाचं बरोबर आहे, हा त्याचा अपमानच झाला. त्यातला एकजण, जेरोम, बापाच्या मयताला आला आणि दारातूनच परत गेला. आत यावं की नाही, हे त्याला कळलं नाही. परत जाणाऱ्या जेरोमची ती पाठ अलोन्झोला आता लख्ख दिसली. बाप वारला त्या वयापेक्षा आज तो सात वर्षांनी मोठा होता आणि त्याला वाटलं, माझा म्हातारा मूर्ख होता. देव त्याला शांती देवो, पण मूर्खच होता.

तो परत आत आला, तेव्हा चौघं गप्प झाली.

"व्हर्नेल, लुशसला बोलू नकोस," तो म्हणाला. "त्याने वाईट रीतीने सांगितलं, पण सांगितलं. तुम्ही दोघींनी चांगल्या रीतीने लपवलं. मला यातलं काय जास्त लागलं ते आज विचारू नका." मग तो भावाकडे वळला. "आणि अटलांटाला फोन तू करायचास. तूच बोलावलंस, तूच नाही म्हणायचं."

लुशस म्हणाला, "मग या खुर्चीत बसणार कोण? तू?"

अलोन्झोने खुर्ची फिरवली आणि रेनेटासमोर केली. "बस."

ती बसेना. ती म्हणाली, मी उभ्यानेच करते. तो म्हणाला, उभ्याने चोरी करतात, बस. तेव्हा ती बसली, चर्चच्या निळ्या झग्यात, लाल फूल काढून बटणांशेजारी ठेवून. प्रत्येक माईक वेगळा धरलेली ती टेप त्याने मागे नेली आणि सांगितलं, हे गाणं आमच्या सगळ्यांसमोर पहिल्यापासून बांध. मी केलेलं काही धरू नकोस.

तिला तास लागला. व्हर्नेलने बूट काढले. अर्लीनने अखेर हॅट काढली. ती आवाज न करता पुटपुटत आपलंच गाणं गात राहिली आणि बघता बघता तिच्या कपाळावरच्या आठ्या गेल्या. अलोन्झो ऐकत होता आणि अर्लीनच्या चेहऱ्याकडेही बघत होता. जे कानाला लागत नव्हतं ते तिथे वाचता येत होतं. मुलीच्या हाताकडेही बघत होता. ती बटण धरताना करंगळी वर ठेवायची, त्याच्या आईसारखी, हॅटीसारखी. हे त्याने सत्तावीस वर्षांत पाहिलं नव्हतं.

गाणं संपलं. अर्लीन म्हणाली, "ही मी." लुशसने मान डोलवली. त्याला ते आवडलेलं नव्हतं आणि तरीही तो खोटं बोलू शकला नाही.

रेनेटाने वडिलांकडे पाहिलं. अलोन्झो डोळे मिटून बसला होता.

"शेवटच्या ओळीच्या आधी ती हसते," तो म्हणाला. "ते कुठे गेलं?"

कोण हसतं, रेनेटाने विचारलं. अलोन्झो म्हणाला, अर्लीन. मी एकीपुरतं जेवण रांधलं, असं म्हणते, मग गळ्यात एक 'हं' करते, आणि मग पोट भरलं म्हणते. ते 'हं' नाही.

रेनेटा म्हणाली की ओळींच्या मधे काही गायलं जात नाही म्हणून तिने तिथे अर्लीनच्या माईकचा आवाज बंद ठेवला होता, ते साधं खाकरणं वाटलं होतं. अलोन्झो म्हणाला, खाकरणं नव्हे. ते 'हं' नसेल तर ही बाई भुकेली आहे आणि खोटं बोलतेय. ते असलं तर तिचं खरंच पोट भरलंय. सगळं गाणं त्यासाठी लिहिलंय.

रेनेटाने माईक उघडा ठेवून शेवट पुन्हा लावला. त्या जड, खालच्या, जवळजवळ ऐकू न येणाऱ्या हुंकारानंतर शेवटची ओळ आली आणि व्हर्नेलने डोळ्यांना रुमाल लावला. अर्लीन म्हणाली, "देवा रे. मी तर ते केल्याचं विसरलेच होते."

"तुझ्या ते लक्षात राहायची गरज नाही," अलोन्झो म्हणाला. "त्यासाठी मी आहे." मग रेनेटाला म्हणाला, "मंगळवारी छापायला जाईल त्यावर लिही, गीत आणि चाल अलोन्झो टॉलिव्हर. निर्माती रेनेटा टॉलिव्हर. स्पेलिंग नीट बघून घे, छापखानेवाले आपल्या आडनावातला एक एल नेहमी खातात."

लुशस म्हणाला, लोक हसतील, मुलगी म्हणून दिलं म्हणतील. व्हर्नेल म्हणाली, हसू देत, ते तुला म्हणतात भाऊ म्हणून ठेवलाय. त्यावर पहिल्यांदा लुशसलाच हसू फुटलं. तो अटलांटाला फोन करायला बाहेर गेला आणि बराच वेळ आला नाही, पण आला.

गार झालेला हॅम त्यांनी चार वाजता खाल्ला.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला रेकॉर्डची दुसरी बाजू घ्यायची होती. ड्रमवाला आणि ऑर्गनवाला नेहमीसारखे आले, अलोन्झोला काचेच्या अलीकडे पियानोवर बसलेला बघून एकमेकांकडे पाहिलं आणि आपापल्या जागी गेले. काचेमागे रेनेटा होती. अर्लीन माईकसमोर उभी राहिली, लुशसने तार जुळवली, अलोन्झोने चार मात्रा मोजल्या आणि गाणं सुरू झालं. चांगलं चाललं होतं. पहिलं कडवं गेलं. दुसऱ्याच्या मध्यावर छतातल्या स्पीकरमधून रेनेटाचा आवाज आला.

"थांबा. पियानो पुढे पळतोय."

सगळे थांबले. ड्रमवाल्याने काठ्या मांडीवर ठेवल्या. लुशस आपल्या तारांकडे बघायला लागला. बावीस वर्षांत या खोलीत अलोन्झो टॉलिव्हरला मधेच कुणी थांबवलं नव्हतं. काचेपलीकडे रेनेटाने नजर खाली घेतली नाही, पण तिचं बोट अजून बोलायच्या बटणावरच होतं.

अलोन्झोने मनात मागच्या चार ओळी पुन्हा वाजवून पाहिल्या. पियानो पळत होता.

त्याने स्टूल थोडं पुढे ओढलं, बाह्या वर केल्या आणि म्हणाला, "कुठून घेऊ?"

"पहिल्यापासून," ती म्हणाली.

त्याने पुन्हा चार मात्रा मोजल्या, या वेळी सावकाश.